चार मजले

चित्र संपलं होतं, पण आवाज चालूच होता. पडद्यावर नुसता काळोख. फिल्म घेणाऱ्या कंडक्टरकाकूंनी कॅमेऱ्याला टोपण लावलं असणार, आणि माईक मात्र वडिलांच्या कॉलरला तसाच राहिला असणार. खुर्ची सरकल्याचा आवाज आला, पेल्यात पाणी ओतल्याचा आला. असले तुकडे ती ऐकत बसत नसे, सरळ उडवून टाकायची. हात बटणाकडे गेलाही होता, तेवढ्यात अगदी कानाशी वडील म्हणाले, "पोरीला अजून माहीत नाही हो. ही तिच्याकडेच निघाली होती त्या दिवशी."

तिने हात मागे घेतला. बाहेर अंगणात कोणीतरी सतरंजी झटकत होतं, त्याचे धपके बंद दारातून येत होते. तळमजल्यावरची ती खोली मुळात सायकली ठेवायला बांधलेली, म्हणून तिला खिडकी नव्हती. भिंतीला चाकांचे काळे ओरखडे होते आणि कोपऱ्यात रहिवासी मंडळाचा जुना कॉम्प्युटर. काळ्या पडद्यात तिचाच चेहरा अंधुक दिसत होता, कानांवर हेडफोनच्या वाट्या. ही म्हणजे आई. वडील आईला कधी नावाने हाक मारत नसत, ती गेल्यावरही नाही. ही म्हणजे आई, आणि तिच्याकडे म्हणजे माझ्याकडे. एवढ्या साध्या वाक्याचा अर्थ लागायला तिला ते पुन्हा मागे नेऊन ऐकावं लागलं. दुसऱ्यांदा ऐकताना अर्थ तोच निघाला. फक्त या वेळी वडिलांचा श्वासही ऐकू आला.

ती एका स्टुडिओत लग्नांच्या फिल्म जोडायची. त्या कामाचे नियम ठरलेले. जांभई देणारे मामा काढायचे, जेवणाच्या रांगेतली धक्काबुक्की काढायची आणि रडणारी आई ठेवायची. आई रडली नसेल तर डोळ्यांत केस गेलेला एखादा क्षण शोधून, तो थोडा संथ करून, त्यावर बासरी टाकायची. गिऱ्हाईक खूश. या कामात तिचा हात इतका बसला होता की रडण्याच्या आधीचा श्वास तिला पडद्यावरच्या आवाजाच्या नुसत्या रेषेवरून ओळखू यायचा. म्हणूनच, मंडळाने स्वतःची फिल्म करायची ठरवली तेव्हा जोडणीचं काम आपसूक तिच्याकडे आलं. सुट्टीच्या दिवशी ती माहेरी यायची ती आता वर न जाता आधी या खोलीत शिरायची. वर जायला नऊ मजले चढावे लागत. हे कारण तिने कधी मोठ्याने बोलून दाखवलं नव्हतं.

पूर्वी त्यांची वस्ती बुटकी होती. घरं एकमेकांना खेटून, दार उघडलं की रस्ता. तिथून मोठा रस्ता जायचा ठरला आणि सगळ्यांना उचलून या दोन मनोऱ्यांत आणून ठेवलं. किल्ल्या देताना अधिकारी म्हणाले होते, आता तुम्ही सगळे हवेशीर. आई नवव्या मजल्याच्या खिडकीतून खाली पाहून म्हणाली होती, "हवेशीर काय, हवेतच." पहिल्या वर्षी दोन्ही लिफ्ट चालल्या. मग एक बंद पडली, मग दुसरी, मग माणसं येऊन दोन्हींचं काहीतरी काढून घेऊन गेली. पुनर्वसन ऑफिसने चिकटवलेला 'लिफ्ट बंद आहे' हा कागद सारखा गळून पडायचा, लोक फुकट वाट पाहायचे, म्हणून जन्मभर दुकानांच्या पाट्या रंगवत आलेल्या वडिलांनी स्वतः होऊन एक पाटी रंगवून दिली. निळी जमीन, पांढरी अक्षरं, अक्षरांना सावली. ती इतकी सुबक झाली की पाहणीला आलेल्या साहेबाला वाटलं, लिफ्ट कायमचीच बंद करायचं ठरलेलं दिसतंय. लोक या गोष्टीवर हसायचे, वडीलही हसायचे. गुडघे गेलेली, दमा असलेली, दिवस भरत आलेली माणसं मात्र हळूहळू अंगणात दिसेनाशी झाली. ती गेली नव्हती कुठे. वर होती.

मग शहरातल्या एका संस्थेच्या बाई कॅमेरा शिकवायला आल्या. त्या म्हणाल्या होत्या, तुमच्यावर फिल्म करायला बाहेरची माणसं येतात आणि तुमचं रडणं घेऊन जातात. तुमचं तुम्ही सांगा. कॅमेरा सगळ्यांत आधी उचलला तो तिसऱ्या मजल्यावरच्या कंडक्टरकाकूंनी. बसमध्ये आयुष्य काढलेल्या त्या निवृत्त बाईला माणसाच्या तोंडाकडे थेट पाहायची सवय होती. कॅमेऱ्यातून बघतानाही त्या सवयीने म्हणायच्या, "जरा आत सरका, मागे जागा आहे." आणि मंडळाचा नियमही त्यांनीच घालून दिला: ज्याचं तोंड, त्याची मालकी. बोललेला माणूस आधी स्वतःचा तुकडा बघणार, नको म्हणाला तर तो निघणार, का म्हणून विचारायचं नाही. मंडळाने लिफ्टबद्दल केलेल्या तक्रारीवर लवकरच सुनावणी होती. ऑफिसने लेखी कळवलं होतं की लिफ्ट अधूनमधून नादुरुस्त असतात आणि वरच्या मजल्यांवरील मृत्यू वयोमानानुसार झालेले आहेत. मृत्यू या शब्दाचं अनेकवचन वाचताना तिला कसंसंच झालं होतं. त्या अनेकवचनात आई होती.

आईबद्दल तिला जे माहीत होतं ते सगळ्यांना माहीत होतं तेच. दुपारी घरात अस्वस्थ वाटलं, शेजाऱ्यांनी खुर्चीत बसवून खाली आणायला घेतलं, दुसऱ्या मजल्याच्या वळणावर श्वास गेला. फिल्ममध्येही वडिलांनी तेच सांगितलं होतं. शांतपणे, पाठ केल्यासारखं. तिने ते लावलंही होतं योग्य जागी, आणि संपताना वडील नजर खाली घेतात तिथे मनातल्या मनात हिशेब केला होता की इथे अधिकाऱ्यांच्या पोटात कालवेल. आता काळ्या पडद्यामागून वेगळंच येत होतं. वडील तुटक तुटक बोलत होते, मध्ये कपबशीचा आवाज. "दुपारी मी झोपलो की ही रोज जिना उतरायची. एक मजला, परत वर. मग दोन, परत वर. मी एकदा पकडली तर म्हणते, जिन्यात उजेड चांगला येतो म्हणून बसले होते. सराव करत होती हो. पोरीचं घर बघायचं होतं. त्या दिवशी ठेवणीतले कपडे घालून, पिशवी घेऊन निघाली. चिठ्ठी नाही, काही नाही. पाचव्यावर पोचली आणि तिथेच बसली." मग कंडक्टरकाकूंचा आवाज, "अहो पेंटर, पण ही फिल्म पोरगीच जोडणार आहे." आणि वडील, "म्हणून तर कॅमेऱ्यात नाही बोललो."

तिने हेडफोन काढून ठेवले. डोक्याला त्यांचा दाब तसाच राहिला. तिला फोन आठवला. नवं घर घेतल्यावर ती आईला फोन करायची तो भाजी चिरताना, फोन खांद्यात धरून, अर्धं लक्ष देऊन. सगळे येऊन गेले, नवऱ्याकडची लांबची माणसंसुद्धा येऊन गेली, तू तेवढी येत नाहीस. हे वाक्य ती चिडून म्हणाली होती की लाडाने, हे आता काही केल्या ठरेना. ती एकदाच म्हणाली होती की दर वेळी? आई हसून म्हणाली होती, "येते की. देवाच्या शेजारी राहणाऱ्याला जमिनीवर यायला वेळ लागतो." त्या हसण्यात धाप होती का? तिने ती धाप ओळखायला हवी होती. दुसऱ्यांच्या आयांचे श्वास ओळखण्याचे तिला पैसे मिळत होते. आणि त्या वाक्यावर आपण काय बोललो? बहुतेक कुकरकडे पाहायला गेलो. मोठ्या गोष्टी आयुष्यात अशाच वेळी होत असाव्यात, दुसरं काहीतरी उतू जात असताना.

कंडक्टरकाकूंचं दार उघडंच असायचं. त्या कॅमेऱ्याची काच मऊ फडक्याने पुसत होत्या. तिला दारात पाहून त्यांनी ना बस म्हटलं ना काय झालं विचारलं, त्यावरूनच तिला कळलं की त्या वाट पाहत होत्या.

"काकू, माईक चालू राहिला होता."

"राहिला असेल. विसरले."

"तुम्ही विसरत नाही."

काकूंनी काच उजेडाकडे धरून पाहिली. "मग नसेन विसरले," त्या म्हणाल्या. "चुकलंच माझं. नियम मीच केला आणि मीच मोडला. पण तुझ्या आईच्या खुर्चीचा एक पाय माझ्या हातात होता गं. ते ओझं तुझ्यापासून लपवून किती दिवस वागवायचं? तू दर सुट्टीला समोरून जायचीस, काकू कशा आहात म्हणायचीस."

"ती काही बोलली?"

"मला ओळखलं. म्हणाली, पाच नंबरची बस गेली का हो? मी म्हटलं, थांबवून ठेवलीय तुमच्यासाठी." काकूंनी फडक्याची घडी घातली, मोडली, पुन्हा घातली. "बस थांबवणं आम्हाला मना असतं. नोकरीत कधी थांबवली नाही."

जिना चढताना तिला प्रथमच जाणवलं की या जिन्याला प्रत्येक मजल्याचा वेगळा वास आहे. तिसऱ्यावर फिनेल, चौथ्यावर औषधी तेल. ती आजवर इथून चढली ती फोनकडे बघत, मजले मागे टाकत, पोचण्यासाठी. पाचव्यावर भिंतीत एक चौकोनी झरोका होता आणि खाली उन्हाचा तुकडा पडला होता. आई गेल्यानंतरच्या दिवसांत लोक भेटायला यायचे तेव्हा गर्दीला कंटाळून ती खाली येऊन इथेच, याच पायरीवर बसली होती आणि स्टुडिओला फोन करून रजा वाढवून घेतली होती. बसायला जागा बरी वाटली म्हणून बसली होती. आता तिथे तिला बसवेना आणि पुढेही जाववेना. पाचव्यावरच्या एका बाईने दार किलकिलं करून विचारलं, "पाणी देऊ?" याच बाईने त्या दिवशी दार उघडलं असणार. तिने मानेने नको म्हटलं, मग थांबून म्हणाली, "द्या." पाणी पिताना त्या बाईने तिच्याकडे पाहिलं नाही. सगळ्या मनोऱ्याला ठाऊक होतं तर. इतकी माणसं, इतकी तोंडं, आणि वडिलांच्या एका शब्दाखातर सगळ्यांनी ते गिळून ठेवलं होतं. तिला राग यायला हवा होता. तो आला नाही. आपण किती जणांच्या ओंजळीत होतो, एवढंच वाटत राहिलं.

वडील गॅलरीत कुंड्यांना पाणी घालत होते. तिची धाप ऐकून ते म्हणाले, "हळू चढावं माणसाने. मी काही पळून जात नाही."

"बाबा, मी ऐकलं."

पाण्याची धार एकाच कुंडीत पडत राहिली, माती भरून पाणी बाहेर आलं. मग त्यांनी तांब्या खाली ठेवला. "कंडक्टरीणबाईंनी बटण दाबलं नसणार."

"मला का नाही सांगितलंत?"

"काय सांगायचं होतं? तुझ्याकडे यायला निघाली आणि गेली, असं? तू जन्मभर तो जिना उतरत बसली असतीस." ते कठड्याला हात टेकून उभे होते. बोटांच्या भेगांत जुना रंग होता. "मी रोज उतरतो. एकाने उतरलं तेवढं पुरे, असं म्हटलं."

ती त्यांच्याशेजारी जाऊन उभी राहिली. खाली अंगण टिचभर दिसत होतं, सतरंजी आता दोरीवर होती. आत जाऊन वडिलांनी कपाटातून एक पिशवी आणली. तीच असणार. पिशवीत पडदे होते, आईने हाताने टाचलेले, फिक्या पिवळ्या कापडाचे. "माप कुठून आणलं तिने?" तिने विचारलं. "अंदाजाने. तू फोनवर म्हणाली होतीस म्हणे, खिडकी तुझ्याएवढी आहे." पुढे तिने ते घरी नेऊन लावले तेव्हा वीतभर आखूड निघाले. आईच्या डोक्यातली मुलगी वीतभर लहानच राहिली होती. पण ते नंतर. त्या दुपारी ती नुसती पडद्याची किनार बोटांनी चाचपत बसली.

"बाबा, ही गोष्ट फिल्ममध्ये यायला हवी. तुमचा तो आवाज..."

"तो नको," ते लगेच म्हणाले. "ते मी कंडक्टरीणबाईंशी बोललो. जगाशी नाही बोललो."

"बरं. काढते."

त्यांनी पडद्याची एक घडी सरळ केली. मग स्वतःशी बोलल्यासारखे म्हणाले, "पण एक खुपतं मला. सगळे खुर्ची, खुर्ची म्हणतात. उचलून आणलेली बाई. मीही तेच सांगितलं. ही स्वतःच्या पायांनी चार मजले उतरली होती. त्या गुडघ्यांनी. ते कुठेच येत नाही."

"मग पुन्हा बोला. कॅमेऱ्यासमोर."

"मला नाही जमायचं. तुला जमलं तर बघ. तिला बिचारी करू नकोस म्हणजे झालं."

पुढच्या सुट्टीला ती कंडक्टरकाकूंच्या कॅमेऱ्यासमोर बसली. आयुष्यभर ती त्या काचेच्या अलीकडे होती. पलीकडे बसल्यावर कळलं की हातांचं काय करायचं हेच माणसाला कळत नाही. माईकची छोटी काळी गोळी गळ्याशी आली तशी तिला आपल्याच घशाची जाणीव झाली, एखाद्या उसन्या वस्तूसारखी. ती सरळ बोलली. आईला माझं घर बघायचं होतं. लिफ्ट नव्हती. तिने सराव केला. चार मजले उतरली. पिशवीत पडदे होते. मी तिला म्हणाले होते, तू येत नाहीस. तिथे तिचा आवाज गेला आणि ती रडली, अंग गदगदून, नाक ओढत, लग्नाच्या फिल्ममध्ये कोणी रडत नाही तशी. काकूंनी कॅमेरा बंद केला नाही, फक्त म्हणाल्या, "होऊ दे. कोणी खोळंबलेलं नाही." नंतर त्या बिनखिडकीच्या खोलीत तिने स्वतःला पडद्यावर पाहिलं आणि तिचा सरावलेला हात नकळत त्या रडण्यापाशी जाऊन थांबला. हा ठेवायचा तुकडा. यानेच कालवेल. ती कितीतरी वेळ पुढेमागे करत राहिली. रडणाऱ्या तोंडामागे जिना दिसेनासा होत होता. बघणारा तिच्याकडे बघणार, हळहळणार, आणि हळहळून मोकळा होणार. तिने रडणं काढलं. त्याच्या आधीची शांतता ठेवली, आणि तिथे नवव्यापासून पाचव्यापर्यंतचा रिकामा जिना जोडला, काकूंनी हळूहळू उतरत घेतलेला, एकही पायरी न गाळता. स्टुडिओतला तिचा मालक पाहता तर म्हणाला असता, फारच लांबलं. लांबलंच होतं ते.

वडिलांना एकट्यांनाच तिने ते दाखवलं. पाहून झाल्यावर ते एवढंच म्हणाले, "आठव्यावरची ती फुटकी पायरी ही नेहमी डावीकडून चुकवायची." आणि चष्मा पुसायला लागले. तो होकार होता.

सुनावणीत पुढे जे झालं ते सांगायचं तर थोडक्यात असं: ऑफिसचे वकील म्हणाले की मयत बाईंना जिन्याने जाण्यास कोणी भाग पाडलं नव्हतं, आणि ते वाक्य ऐकून सुनावणी घेणाऱ्या बाईंनी त्यांच्याकडे बराच वेळ पाहिलं. एक लिफ्ट त्या हिवाळ्यातच सुरू झाली. दुसरीसाठी मंडळ अजून खेटे घालतंय. आजारी माणसांना खालची घरं बदलून द्यायचा हुकूम कागदावर झाला आणि दोघातिघांना मिळालीही. काकू म्हणतात, अर्धी बस आली. उरलेली अर्धी ढकलत आणू. पण तिला त्या साऱ्या घडामोडींत राहून राहून आठवते ती त्याच्या आधीची संध्याकाळ, फिल्म सगळ्यांना दाखवली ती.

अंगणात पडदा लावून भागणार नव्हतं, कारण ज्यांच्याबद्दल फिल्म होती ती माणसं अंगणात येऊच शकत नव्हती. म्हणून काकूंनी डोकं लढवलं आणि प्रोजेक्टर समोरच्या मनोऱ्याच्या बिनखिडक्यांच्या भिंतीवर मारला, उंच, जेणेकरून वरच्या खिडक्यांतून दिसेल. दिवेलागण झाली तशा खिडक्या एकेक उघडत गेल्या. खाली उभी राहून ती वर पाहत होती. प्रत्येक चौकटीत एक तोंड, कुणी खुर्ची ओढून, कुणी उशी कठड्यावर ठेवून. ही माणसं तिने वर्षभरात पाहिली नव्हती. काहींना ती गेलेलीच समजत होती. भिंतीवर तिचं तोंड आलं, चार मजले उंच, आणि तिने नजर खाली घेतली. मग जिना सुरू झाला. अंगणातली कुजबूज थांबली. पायरीमागून पायरी भिंतीवरून उतरत होती. संपलं तेव्हा वरून कुठूनतरी एका म्हातारीचा आवाज आला, चिरका पण खणखणीत. "मीपण निघाले होते एकदा. सातव्यापर्यंत गेले आणि परत आले." दुसऱ्या खिडकीतून एक पुरुष म्हणाला, "मी बहिणीच्या मयताला नाही जाऊ शकलो." मग तिसरी खिडकी. आवाज एकमेकांत मिसळेपर्यंत लोक आळीपाळीने बोलत होते. वडील वर आपल्या खिडकीत उभे होते. ते बोलले नाहीत, पण आत गेले नाहीत.

"हे लिहून घ्यायचं की चित्रात घ्यायचं?" कोणीतरी विचारलं. काकूंनी कॅमेरा काढला आणि तिच्या हातात दिला. "माझे गुडघे दहाव्यापर्यंत नाहीत पोचायचे. तू जा. तुझी शिफ्ट."

दहाव्या मजल्यावरच्या त्या म्हातारीने दार आधीच उघडून ठेवलं होतं. खोलीत एकच दिवा, खिडकीला लावलेली खुर्ची, आणि टेबलावर दोन पेले काढून ठेवलेले. तिने धापा टाकत कॅमेरा कुठे ठेवावा म्हणून इकडेतिकडे पाहिलं, तिपाई उघडायला घेतली.

"राहू दे गं ते घटकाभर," म्हातारी म्हणाली. तिने दुसरी खुर्ची पदराने पुसली आणि पुढे सरकवली. "बोलेन मी, सगळं बोलेन. आधी बस. इतकं चढून माझ्याकडे कोणी आलंच नव्हतं."

ती बसली. खाली अंगणात अजून लोक होते, त्यांचे आवाज इथवर येईपर्यंत मऊ झाले होते. म्हातारी पेल्यात चहा ओतत होती आणि विचारत होती, तू कोणाची, कुठे असतेस, घर कसं आहे, खिडक्या कोणत्या बाजूला. ती एकेक सांगत गेली. कॅमेरा मांडीवर होता. तो सुरू करायला त्या संध्याकाळी बराच उशीर झाला.